अंकोरची देवळं आणि आसपासची गावं: खासगी गाइड घेऊन बघायची असतील तर

गोपुरवाट

कंबोडियातल्या अंकोरबद्दल (ख्मेर राजांच्या जुन्या राजधानीचा, देवळांनी भरलेला परिसर) तेच ते प्रश्न दर दोन महिन्यांनी वेगवेगळ्या धाग्यांवर येतात, म्हणून सगळं एका जागी टाकतोय. धागा फक्त खासगी सहलीपुरता आहे, म्हणजे आपली गाडी, आपला गाइड आणि आपलं वेळापत्रक. खासगी सहलीत आपण जादा पैसे मोजतो ते घड्याळ आपल्या हातात राहावं म्हणून. एजंटनं पाठवलेल्या कार्यक्रमात एका दिवसात नऊ देवळं कोंबलेली असतील तर ते पैसे वाया गेले समजा.

आधी तिकीट. अंकोर पास तीन प्रकारचे: १ दिवस ३७ डॉलर, ३ दिवस ६२ डॉलर, ७ दिवस ७२ डॉलर. तीन दिवसांचा पास सलग वापरावा लागत नाही. १० दिवसांत कुठलेही तीन दिवस चालतात, सात दिवसांचा महिनाभरात. म्हणजे मधला एक दिवस तोनले साप तळ्याकडे किंवा गावांत घालवला तरी पासचा दिवस जळत नाही. पासवर फोटो असतो आणि प्रत्येक मोठ्या देवळापाशी तो तपासतात. कागदी पास हरवला तर नवा विकत घ्यावा लागतो. १२ वर्षांखालच्या मुलांना तिकीट नाही, पण वय दाखवायला पासपोर्ट जवळ हवा. तिकीट केंद्र देवळांपाशी नाही, सिएम रीप शहरातच एका बाजूला आहे. सूर्योदयाला जाताना पहाटे तिथे थांबलात की रांगेत अर्धा तास जातो. आदल्या संध्याकाळी पाचच्या सुमाराला घेतलेलं तिकीट दुसऱ्या दिवसाचं धरतात आणि त्याच संध्याकाळी सूर्यास्तही बघू देतात. ऑनलाइनही मिळतं. पासातले २ डॉलर कंथा बोफा या मुलांच्या इस्पितळांना जातात.

आता माणसं. गाइड पर्यटन मंत्रालयाचा परवानाधारकच हवा, ओळखपत्र गळ्यात असतं. गाडीवाला किंवा टुक-टुकवाला कितीही जाणकार असला तरी देवळाच्या आत माहिती सांगायची त्याला परवानगी नसते. तो बाहेर थांबतो. तेव्हा ‘ड्रायव्हर कम गाइड’ असा दर कुणी सांगितला तर तो फक्त ड्रायव्हरचा आहे. अंदाजे दर: इंग्रजी बोलणारा गाइड दिवसाला ४० ते ६० डॉलर, एसी गाडी तेवढीच, रेमॉर्क (तिकडची टुक-टुक, मोटरसायकलमागे जोडलेला छपराचा गाडा) २० ते २५. हे दर माणशी नसून गाडीमागे आणि गाइडमागे असतात, त्यामुळे चौघांत खर्च एकदम हलका होतो. पहाटे पाचला निघणं आणि बांतेय स्रायसारखं लांबचं ठिकाण यांचे वरचे पैसे लागतात, ते आधीच ठरवा. हिंदी बोलणारे गाइड मोजके आहेत, हिवाळ्यात हवे असतील तर महिनाभर आधी विचारा.

कोनाडा

छान धागा. तीन दिवस पुरतात का? आणि गाइड तिन्ही दिवस लागतो का?

गोपुरवाट

तीन दिवस देवळांना आणि एक गावांना, असे चार धरा. गाइड दोन दिवस घ्या: एक अंकोर वाट (सगळ्यात मोठं देऊळ) नि बायोनसाठी (अंकोर थोम या जुन्या राजधानीच्या मधोमधचं देऊळ), दुसरा बांतेय स्राय आणि वाटेतल्या गावांसाठी. मोठ्या फेरीला (प्रेआ खान, निआक पोन, ता सोम, पूर्व मेबोन, प्रे रुप, सगळी मिळून २६ किमी) गाइड नसला तरी फारसं अडत नाही, रेमॉर्क पुरते. लहान फेरी १७ किमीची आहे. तिच्यात अंकोर वाट, अंकोर थोम आणि ता प्रोम येतात, तिथे मात्र गाइड हवाच.

क्रमाबद्दल माझं मत जरा वेगळं आहे. पहिल्या दुपारी रोलुओसला जा. शहरापासून १३ किमी, गर्दी नाही. प्रेआ को (८७९), बाकोंग (८८१), लोलेय (८९३) ही तीन देवळं कालक्रमानं बघून होतात. बाकोंगचा पायऱ्यापायऱ्यांचा दगडी मेरू डोळ्यांत बसला की नंतर अंकोर वाट हे त्याचंच मोठं, ओवऱ्यांनी वेढलेलं रूप आहे हे सांगावं लागत नाही. उलट आधी अंकोर वाट बघितलं की बाकोंग ‘छोटंसं’ वाटतं आणि लोक वीस मिनिटांत गाडीत येऊन बसतात.

दोनप्रहर

असहमत. विमानानं दमून आलेल्या माणसाला पहिल्याच दुपारी तीन अनोळखी देवळं दाखवलीत तर नावांचा गोंधळ होतो. ज्यासाठी आलात ते आधी बघा, ताज्या डोळ्यांनी. आणि नवा विमानतळ (ऑक्टोबर २०२३पासून) शहरापासून तासाभराच्या अंतरावर आहे. दुपारी उतरलात तर रोलुओस उरकेपर्यंत साडेपाच वाजतात आणि फाटक बंद.

गोपुरवाट

विमानाची वेळ दुपारची असेल तर बरोबर. सकाळी उतरणाऱ्यांसाठी माझा क्रम ठेवा.

जांभादगड

अंकोर वाटबद्दल थोडं सविस्तर लिहितो. गाइड चांगला की पाठ केलेलं बोलणारा, हे तिथल्या ओवऱ्यांतच कळतं.

देऊळ पश्चिमाभिमुख आहे. दुसऱ्या सूर्यवर्म्यानं १२व्या शतकाच्या पूर्वार्धात विष्णूसाठी बांधलं. शिल्पपट बघायचा क्रम उलटा आहे. पश्चिमेच्या दारातून आत आलं की उजवीकडे, म्हणजे दक्षिणेकडे वळायचं आणि देऊळ डाव्या हाताला ठेवून फिरायचं. आपल्या हिशेबानं अपसव्य. बायोनला याच्या नेमकं उलट: पूर्वेकडून आत येऊन डावीकडे वळायचं, देऊळ उजव्या हाताला, रीतसर प्रदक्षिणा. हा फरक ज्याला माहीत नाही त्या गाइडबरोबर कथा शेवटापासून सुरू होते.

पहिला पट कुरुक्षेत्राचा. डावीकडून कौरव येतात, उजवीकडून पांडव, मध्यभागी नुसती कापाकापी. डाव्या टोकाकडे, वरच्या अंगाला, शरपंजरी पडलेले भीष्म आहेत. गर्दीत लोक खालचे हत्ती-घोडे बघत पुढे सरकतात आणि भीष्म राहून जातात. मधल्या भागात चार हातांचा सारथी दिसला की तो कृष्ण, मागे अर्जुन. कोपऱ्यातल्या दालनात गोवर्धन उचललेला कृष्ण आणि कैलास हलवणारा रावण आहे, तिथे उजेड कमी, टॉर्च ठेवा. दक्षिणेच्या ओवरीत आधी सूर्यवर्मा स्वतः सैन्यासह, पुढे रेड्यावरचा यम आणि चित्रगुप्त. त्या पटात ३७ स्वर्ग आणि ३२ नरक आहेत, नरकांची नावं ख्मेर (तिकडच्या) लिपीत कोरलेली आहेत. चित्रगुप्ताचं नाव आपण घेतलं की गाइड खुलतो, कारण इतर पर्यटकांना तो कोण हे पहिल्यापासून समजावून सांगावं लागतं.

पूर्वेच्या ओवरीत दक्षिण अंगाला समुद्रमंथन. सुमारे ४९ मीटर लांब, एका बाजूला ९२ असुर, दुसऱ्या बाजूला ८८ देव. मधोमध विष्णू, खाली कूर्म. इथे दोन पावलं मागे न जाता उलट पुढे व्हा आणि रवीच्या खांबाजवळचे मासे बघा. खांबापासून लांब असलेले मासे आणि सुसरी अखंड आहेत, जसजसं जवळ जावं तसतसे ते मधोमध तुटलेले, घुसळणीत चिरडलेले. वासुकीच्या शेपटाकडे शेवटचा ओढणारा वानर आहे.

उजेडाचं गणित सोपं: पूर्वेचा पट सकाळी, पश्चिमेचे पट दुपारी साडेतीननंतर. एकाच फेरीत दोन्ही बघितले तर एक अंधारात जातो. खासगी गाइड असल्यामुळे एकाच दिवशी दोनदा जाता येतं. सकाळी पूर्वेचा पट बघून पुढे बायोनला जा, दुपारी साडेतीनला परत येऊन कुरुक्षेत्र आणि त्याच ओवरीच्या उत्तर अंगाची लंका बघा. लंकेत राम हनुमानाच्या खांद्यावर उभा आहे, मागे लक्ष्मण आणि बिभीषण.

उत्तरेच्या ओवरीतल्या पूर्व अंगाचं काम १६व्या शतकातलं आहे. बाणासुराची कथा, पण हात जड पडलाय. वेळ कमी असेल तर तिथेच वाचवा.

कोनाडा

हे भारी आहे. दगडांना सगळीकडे गोल भोकं का असतात?

जांभादगड

दगड उचलायला. भोकात लाकडी खुंट्या ठोकून दोर लावायचे. वालुकाश्म कुलेन डोंगराच्या बाजूनं आणलेला, आतला गाभा आणि आवाराच्या भिंती जांभ्याच्या. कोकणातला माणूस तो जांभा लगेच ओळखतो. दगडांत चुना नाही, घासून घट्ट बसवलेले. खरी कमान मात्र त्यांनी वापरली नाही. दोन्ही बाजूंचे दगड थोडे थोडे पुढे सरकवत वर मिळवायचे, त्यामुळे ओवऱ्या अरुंद, आणि एक दगड निसटला की वरचे सगळे खाली. बेंग मेलिया या पडक्या देवळातले ढिगारे बघताना हे लक्षात ठेवा.

दोनप्रहर

सूर्योदयाचा आग्रह किती धरायचा? उत्तरेच्या तळ्यापाशी डोक्यांची भिंत असते.

गोपुरवाट

एकदा बघायला हरकत नाही, पण खरा फायदा नंतर आहे. अंकोर वाट पाचला उघडतं. सूर्य वर आला की पावणेसात ते आठ या वेळात बहुतेक गट न्याहारीला शहरात परततात. तुमची न्याहारी डब्यात घ्या, तोच तास ओवऱ्यांना द्या. सूर्योदय नकोच असेल तर पूर्वेच्या बाजूनं आत शिरा. तिकडे शुकशुकाट असतो आणि समुद्रमंथन पहिल्याच वळणावर. तळ्यातला सूर्योदय हवा पण गर्दी नको असेल तर स्राह स्रांगही पाचलाच उघडतं. बाकीची बहुतेक देवळं साडेसातला उघडतात, साडेपाचला बंद. प्रे रुप आणि टेकडीवरचं फ्नोम बाखेंग संध्याकाळी सातपर्यंत, पण बाखेंगवर एका वेळी ३०० माणसंच सोडतात. साडेचारनंतर पोचलात तर रांगेतच सूर्यास्त होतो.

शेवंती_७

सोबत सत्तरीचे लोक आहेत. गुडघे कुरकुरतात. काय गाळावं?

दोनप्रहर

बाकान म्हणजे अंकोर वाटचा सगळ्यात वरचा मजला गाळा. कठड्याचा लाकडी जिना आहे, तरी जवळजवळ उभा, आणि उतरताना जास्त त्रास. वर एका वेळी १०० जण, रांगेत उन्हात उभं राहावं लागतं. १२ वर्षांखालच्या मुलांना सोडत नाहीत. बाफुओन आणि प्रे रुपच्या पायऱ्याही तशाच, खालून बघा. क्बाल स्पिअनला नदीच्या पात्रात कोरलेली शिवलिंगं आहेत, पण जंगलातून दीड किलोमीटर चढ आणि मुळांचा रस्ता.

ज्येष्ठांना जमेल अशी ठिकाणं: बांतेय स्राय (सपाट, मात्र उंबरे उंच), अंकोर वाटच्या खालच्या ओवऱ्या, प्रेआ को, बायोनची बाहेरची ओवरी. बायोनची ओवरी तर बसून बघण्यासारखी आहे. कोंबड्यांची झुंज, बाजार, चाम लोकांशी (शेजारच्या चंपा राज्यातले) होड्यांवरची लढाई, आणि होड्यांखाली तोनले सापचे मासे. प्रत्येक देवळाला पश्चिम आणि पूर्व अशी दोन दारं असली की गाइडला सांगा: गाडी पलीकडच्या दारी बोलाव. ता प्रोम आणि प्रेआ खान अशी आरपार बघता येतात, परतीची चाल वाचते. हे आधी सांगितलं नाही तर ड्रायव्हर सोडलं तिथेच उभा राहतो.

उन्हाचं विसरू नका. अकरा ते अडीच खोलीवर. एप्रिलमध्ये पारा ३८च्या वर जातो, दगड संध्याकाळपर्यंत तापलेला असतो.

जांभादगड

बांतेय स्रायबद्दल दोन ओळी. ९६७ साली प्रतिष्ठा, राजानं नव्हे तर यज्ञवराह नावाच्या राजगुरूनं बांधवलेलं. देऊळ लहान, गुलाबी वालुकाश्म, नक्षी लाकडातल्यासारखी खोल. आत जाता येत नाही, दोरीबाहेरून बघायचं, म्हणून छोटी दुर्बीण किंवा झूम असलेला कॅमेरा न्या. दक्षिणेच्या ग्रंथालयावर एका बाजूला कैलास हलवणारा रावण, दुसऱ्या बाजूला कामदहन. उत्तरेच्या ग्रंथालयावर खांडववनाची आग विझवायला पाऊस पाडणारा इंद्र, आणि मागे कंसवध. वेरूळच्या कैलास लेण्यातला रावण बघितलेल्यांनी दोन्ही मनात शेजारी ठेवून बघावेत. वेरूळचा रावण डोंगराखाली दबलेला, एकटा. इथे त्याच्याभोवती हत्ती, सिंह, ऋषी सगळे घाबरून पळताहेत, आणि पार्वती शिवाला बिलगलीय. साडेसात ते नऊ ही वेळ गाठा, नंतर बसगाड्या येतात.

ताडमाड

गावांचं लिहितो. ‘ग्रामीण सहल’ या नावाखाली दोन अगदी वेगळ्या गोष्टी विकल्या जातात. एक म्हणजे बैलगाडीची फेरी, ठरलेलं घर, ठरलेला नाच. दुसरी म्हणजे बांतेय स्रायच्या रस्त्यावर जी कामं रोज चालतात तिथे थांबणं. दुसरी मागा. त्यासाठी वेगळा दिवस लागत नाही, प्रेआ डाक गाव त्याच वाटेवर आहे.

ताडगूळ: हंगाम साधारण डिसेंबर ते मे. पावसाळ्यात कढया बंद असतात, तेव्हा दिसतो तो साठवलेला माल. ताडाला उभा बांबू बांधून त्याच्या पेरांच्या फांद्यांचीच शिडी करतात. फुलोरा लाकडी चिमट्यानं दाबून मऊ करायचा, टोक कापायचं, खाली नळकांडं टांगायचं. रस सकाळ-संध्याकाळ उतरवतात. नळकांड्यात एका झाडाच्या सालीचे तुकडे टाकतात, नाहीतर ऊन चढेपर्यंत आंबून ताडी होते. पालघरकडच्या मंडळींना हे समजावायला नको. मग मोठ्या कढईत आटवणं. साधारण ७-८ लिटर रसाला १ किलो गूळ. रस दाट होऊन मोठे बुडबुडे यायला लागले की कढई खाली घेऊन लाकडी दांड्यानं घोटायचा, कडेला पांढुरका साय धरला की ताडपत्राच्या कड्यांत ओतायचा. विकत घेताना: फार फिकट, टणक आणि कचकच लागणारा गूळ असेल तर त्यात साखर पडलीय. खरा गूळ बोटानं दबतो, किंचित धुराचा वास येतो. दमट हवेत पाझरतो, तेव्हा घरी आणायचा तर हवाबंद डब्यात.

नोम बांचोक: तांदळाच्या ताज्या शेवया. भिजवलेला तांदूळ दळून, पाणी निथळून, गोळा उकडून, पायानं चालवायच्या लाकडी उखळात कुटतात आणि भोकांच्या साच्यातून थेट उकळत्या पाण्यात पाडतात. मालवणी शिरवाळ्यांची चुलत बहीण म्हणा. फक्त शिरवाळे नारळाच्या गोड रसात आणि हे माशाच्या पिवळ्या-हिरव्या रश्शात. हे सकाळचं खाणं आहे. नऊ-साडेनऊनंतर चूल विझलेली मिळते. म्हणून आधी प्रेआ डाक आणि मग बांतेय स्राय करायचं की उलट, यावर दरवेळी वाद. शेवया महत्त्वाच्या असतील तर सातला गावात, नक्षी महत्त्वाची असेल तर गाव परतताना. दोन्ही हवं असेल तर साडेसहाला निघा.

वागण्याचं थोडं. घर खांबांवर असतं, जिन्यापाशी चपला काढायच्या. मुलांच्या डोक्यावर हात फिरवू नका, आपल्याकडे ते कौतुक, तिकडे डोकं पवित्र. पाय बुद्धाकडे किंवा थोरांकडे करून बसू नये. नमस्कार हात जोडूनच, त्याला साम्पिआ म्हणतात. चॉकलेट, पेन, पैसे मुलांना वाटू नका, त्यानं शाळेच्या वेळेत मुलं रस्त्यावर उभी राहतात. द्यायचंच असेल तर त्या घरचा गूळ, टोपली किंवा क्रामा (चौकड्यांचा पंचा) विकत घ्या. चालू शाळेच्या वर्गात पर्यटक नेणाऱ्या सहली सरळ नाकारा. आणि पायवाट सोडून झुडपात शिरू नका. बघायच्या देवळांचे परिसर साफ झालेत, पण देशात सुरुंगांचं काम अजून संपलेलं नाही. बांतेय स्रायच्याच रस्त्यावर सुरुंगांचं संग्रहालय आहे.

कोनाडा

गावं उठवली गेल्याचं ऐकलं होतं?

ताडमाड

हो. २०२२पासून अंकोरच्या संरक्षित क्षेत्रातली सुमारे दहा हजार कुटुंबं ‘रुन ता एक’ वगैरे नव्या वसाहतींत हलवली. सरकार त्याला स्वेच्छेनं म्हणतं, ॲम्नेस्टी या मानवाधिकार संस्थेनं २०२३मध्ये त्यावर कडक अहवाल दिला. प्रेआ डाकसारखी जुनी गावं आहेत, पण देवळांच्या दारातल्या टपऱ्या बऱ्याच गेल्या. व्यवहारात याचा अर्थ पाणी आणि खाणं गाडीत हवं. गाइडला यावर मत विचारून अडचणीत आणू नका. तो परवान्यावर काम करतो.

पखाल

तोनले सापचं कुणी लिहिलं नाही म्हणून. या तळ्यात महिना बघूनच जायचं. पावसाळ्यात मेकाँग इतकी चढते की तोनले साप नदी उलटी वाहून तळ्यात शिरते. कोरड्या दिवसांत साधारण २,५०० चौ. किमी असलेलं तळं भर पावसाळ्यानंतर १५,००० च्या आसपास पोचतं, खोली मीटरभरावरून ९-१० मीटर. ऑगस्ट ते जानेवारी गावात बोटीनं फिरता येतं. मार्च ते मे तीच घरं सात-आठ मीटर उंच खांबांवर सुक्या मातीत उभी दिसतात, आणि बोट गाळातून ढकलत नेतात. दोन्ही बघण्यासारखं आहे, पण तरंगतं गाव सांगून मे महिन्यात चिखल दाखवला तर चिडचिड होते.

कुठलं गाव: चोंग क्नेअस सगळ्यात जवळ आणि सगळ्यात बाजारू. ‘अनाथाश्रमासाठी तांदळाचं पोतं घ्या’ हा प्रकार तिथल्या बोटींवर नेहमीचा, नम्रपणे नाही म्हणा. कंपोंग फ्लुक रोलुओसच्या बाजूनं, अर्धा दिवस पुरतो. कंपोंग ख्लियांग सुमारे ५० किमी, सगळ्यात मोठं, गर्दी सगळ्यात कमी. खासगी गाडी असेल तर तेच करा. बोटीचं तिकीट धक्क्यावर माणशी असतं आणि अंकोर पासमध्ये येत नाही. गाडीच्या दरात ते धरलंय का, हे आधी लिहून घ्या. भांडणं बहुतेक इथेच होतात. पक्ष्यांसाठी प्रेक तोआल हे तळ्याकाठचं अभयारण्य, डिसेंबर ते मार्च, पहाटे निघून अख्खा दिवस.

शेवंती_७

शाकाहारींचं काय?

ताडमाड

भाजीत मांस नसणं आणि शाकाहारी असणं या तिकडे दोन गोष्टी. प्राहोक (आंबवलेल्या माशांची पेस्ट) आणि तुक त्रेय (माशाचं पाणी) जवळजवळ सगळ्यात पडतं. नुसतं ‘मांस नको’ म्हटलं तर माशाचं पाणी येणारच. शब्द म्हणजे ‘म्होप बुओस’, भिक्षूंच्या उपासाचं जेवण. त्यासोबत ‘ओत दाक तुक त्रेय, ओत दाक प्राहोक’. गाइडकडून ख्मेरमध्ये चिठ्ठीवर लिहून घ्या, ड्रायव्हरकडेही एक ठेवा. शहरात भारतीय हॉटेलं आहेत, गावांत नाहीत. गावाच्या दिवशी दशम्या नि चटणी बरोबर असलेली बरी. फळं, उकडलेलं मक्याचं कणीस आणि बांबूत शिजवलेला चिकट भात (नारळाचं दूध, चवळीसारखे दाणे) बिनधास्त.

गोपुरवाट

लांबची ठिकाणं थोडक्यात. बेंग मेलिया २०२०पासून अंकोर पासमध्येच आहे. शहरातून साधारण दीड तास, लाकडी पुलांवरून ढिगाऱ्यांतून चालायचं. को केरचं तिकीट वेगळं, सात टप्प्यांचा ३६ मीटर उंच पिरॅमिड, १०व्या शतकातली राजधानी, २०२३मध्ये जागतिक वारसा यादीत. दोन्ही एका दिवसात होतात, तिसरं काही जोडू नका. फ्नोम कुलेनलाही (कुलेन डोंगर) वेगळं तिकीट, आणि घाट अरुंद असल्यानं गाड्या सकाळी फक्त वर, दुपारनंतर फक्त खाली. उशिरा निघालात तर पायथ्याशीच अडकता. प्रेआ विहिअर आणि बांतेय छमार ही देवळं थायलंडच्या सीमेलगत. जून २०२५पासून जमिनीवरच्या चौक्या बंद झाल्या आणि पुढे चकमकीही झाल्या. तिथली ताजी स्थिती बघितल्याशिवाय पैसे भरू नका, बँकॉकहून रस्त्यानं यायचा बेत तर नकोच.

डॉलरच्या नोटा कोऱ्या आणा. कोपरा फाटलेली किंवा शाई लागलेली नोट कुणी घेत नाही. सुटे रिएलमध्ये मिळतात, साधारण ४,००० ला एक डॉलर. भारतीयांना पर्यटक व्हिसा ई-व्हिसानं किंवा उतरल्यावर मिळतो, शिवाय ई-अरायव्हलचा फॉर्म निघण्याआधी सात दिवसांच्या आत भरायचा. तो फुकट आहे, पैसे मागणारी वेबसाइट खोटी.

कोनाडा

ठरवताना गाइडला नेमकं काय विचारायचं?

जांभादगड

तीन गोष्टी. ‘समुद्रमंथन किती वाजता दाखवणार?’ उत्तर दुपारचं आलं तर दुसरा गाइड बघा. ‘जेवायला कुठे?’ हॉटेलचं नाव तोच ठरवणार असेल तर तिथे दलाली असते, आपण ठरवू म्हणून सांगा. रेशीम आणि चांदीच्या दुकानांचे थांबे नकोत, हेही लेखी. आणि ‘त्या दिवशी बाकान उघडं आहे का?’

शेवंती_७

बाकान बंद कधी असतं?

जांभादगड

महिन्यातून चार दिवस, बौद्धांच्या पवित्र दिवशी: दोन्ही अष्टम्या, पौर्णिमा आणि अमावास्या. कालनिर्णयात बघून अंदाज येतो, तिथी एखाद्या दिवसानं मागेपुढे होते म्हणून अष्टमी-पौर्णिमेच्या आदल्या-नंतरचा दिवसही टाळा. बाकीच्या दिवशी ६:४० ते ५. खांदे आणि गुडघे झाकलेले हवेत, नुसती ओढणी गुंडाळून चालत नाही, बाह्यांचा सदराच लागतो. पौर्णिमेला गेलात तर वरचा मजला हुकेल, पण पश्चिमेच्या गोपुरातल्या आठ हातांच्या विष्णूपुढे (लोक त्याला ता रिएच म्हणतात) उदबत्त्या, केळी, कमळाच्या कळ्या घेऊन गावोगावचे लोक आलेले असतात. गाइडला तिथे दहा मिनिटं गप्प उभं राहायला सांगा.